बारा वर्षांची आग्नेस: रोम, बोलोन्या आणि मावशी

२० जानेवारी, पियात्सा नावोना

मावशीची सगळी नोकरी वसईतल्या शाळेत गेली. वर्गात निम्मी मुलं ख्रिस्ती, आणि हजेरीपटावर दर दोन-तीन वर्षांनी एखादी आग्नेस असायचीच. त्यामुळे रोमची तिकिटं काढताना तिची एकच अट होती, २१ जानेवारीला आपण रोममध्ये असलं पाहिजे. तो संत आग्नेसचा सण. मला चित्रं-शिल्पं बघायचं वेड, तिला त्यामागच्या गोष्टींचं, त्यामुळे दोघींचं जमलं. कलोसियम पुढे केव्हातरी उरकू, असं ठरलं.

गोष्ट थोडक्यात सांगते. आग्नेस ही रोममधल्या बड्या घरची मुलगी, वय १२ किंवा १३. सम्राट डायोक्लेशियनने ख्रिस्ती लोकांचा छळ मांडला होता तेव्हाची, म्हणजे इ. स. ३०४ च्या आसपासची. एका बड्या अधिकाऱ्याच्या मुलाने तिला मागणी घातली. माझं ख्रिस्ताशी ठरलंय, म्हणत तिने ती धुडकावली. मग तिला विवस्त्र करून वेश्यागृहात नेलं, तर केस वाढून त्यांनी सगळं अंग झाकलं. चितेवर चढवलं, तर ज्वाळा दोन बाजूंना सरल्या. शेवटी गळ्यावर शस्त्र चालवून मारलं.

ही सगळी जुळवून केलेली गोष्ट. जुन्यांत जुनी साक्ष बघायला जावं तर तिथे एकवाक्यता नाही. मिलानचे बिशप अँब्रोज ३७७ च्या सुमारास लिहितात त्यात तलवार आहे, आग नाही. पोप दमासस (३६६–३८४) यांच्या शिलालेखात आग आहे, तलवार नाही. पुढच्या काळात दोन्ही एकत्र झाली आणि दरेक कलावंतापुढे तोच पेच आला: काय दाखवायचं आणि काय सोडायचं?

पियात्सा नावोना हा लांबुळका चौक म्हणजे सम्राट डोमिशियनचं पहिल्या शतकातलं क्रीडांगण. त्याच्या कमानींखाली वेश्यावस्ती होती आणि आग्नेसला तिथेच आणलं, अशी परंपरा. त्या जागेवर आज सांत आन्येसे इन आगोने हे चर्च उभं आहे. पोप इनोसंट दहावे यांनी १६५२ मध्ये काम सुरू केलं, आधी राइनाल्दी बापलेक आणि मग बोरोमिनी अशा हातांतून ते गेलं. दर्शनी भिंत मधोमध आत दबलेली आहे, त्यामुळे मागचा घुमट चौकातूनसुद्धा अंगावर आल्यासारखा दिसतो. समोर बेर्निनीचं चार नद्यांचं कारंजं. त्यातली एक नदी हात वर करून बसलीय, ती म्हणे बोरोमिनीचं चर्च कोसळेल या भीतीने, असं प्रत्येक गाइड सांगतो. आमच्या शेजारच्या घोळक्यालाही सांगितलं जात होतं. कारंजं १६५१ मध्ये पुरं झालं होतं आणि चर्चचा पायासुद्धा त्यानंतरचा, हे मावशीने मराठीतून, पण पुरेशा मोठ्या आवाजात मला ऐकवलं.

आत उजव्या हाताला शिल्पकार एरकोले फेर्रातांची आग्नेस आहे, १६६० च्या सुमाराची. संगमरवराच्या ज्वाळा पायांशी उसळतायत, ती हात पसरून वर बघतेय आणि अंगावरचं वस्त्र वाऱ्याने फुगलंय. फेर्रातांनी आग निवडली. शिल्पकाराला आगीत जे सापडतं ते तलवारीत सापडत नाही: हालचाल. त्या ज्वाळा आणि त्या चुण्या एकमेकींना जाब देतात, आणि मधे उभी असलेली मुलगी स्वतःच ज्योत होते. काम अव्वल आहे, यात वादच नाही.

मावशी मात्र चष्मा पुसून पुन्हा बघत राहिली. "ही बारा वर्षांची?"

"का गं?"

"अगं, बारा म्हणजे सहावी-सातवीतली पोर. दोन वेण्या, गुडघ्याला खरचटलेलं. ही तर लग्नाला उभी राहिलेली बाई आहे."

तिचं म्हणणं बिनतोड होतं. फेर्रातांच्या आग्नेसचे दंड भरलेले आहेत, मान भक्कम आहे, अंगलट पुऱ्या वाढलेल्या स्त्रीची. नाटकातली नायिका असावी तशी ती उभी आहे. मावशीच्या त्या एका वाक्याने पुढच्या सगळ्या प्रवासाला विषय मिळाला.

बाजूच्या लहान दालनात चांदीच्या पेटीत एक कवटी ठेवलीय, आग्नेसची म्हणून. श्रद्धा असो-नसो, ती लहान आहे एवढं डोळ्यांना दिसतं. समोरच्या बाजूला बाणांनी मारलेला सेबॅस्टियन आहे. २० जानेवारी हा त्याचा सण, त्यामुळे त्याच्यापुढे मेणबत्त्यांची गर्दी. आजचा मान त्याचा.

तिथून पाच मिनिटांवर सान लुईजी देई फ्रांचेझी. सगळं जग या चर्चमध्ये चित्रकार काराव्हाज्जोसाठी जातं आणि एका कोपऱ्यात गर्दी करून उभं राहतं. दिव्यासाठी पेटीत नाणं टाकायचं, एकाने टाकलं की वीस जण बघतात. आम्हीही बघितलं, 'संत मॅथ्यूचा वध', साल १६००, आणि त्यातला तो किंचाळत पळणारा पोरगा. पण समोरच्या बाजूचं दालन रिकामं होतं, आणि आम्हाला तेच हवं होतं. तिथे दोमेनिकिनो या चित्रकाराने १६१२ ते १६१५ या काळात संत सिसिलियाची, रोममध्ये धर्मासाठी मारल्या गेलेल्या आणखी एका मुलीची, कथा भिंतींवर रंगवलीय. एका भिंतीवर ती दारावर जमलेल्या गोरगरिबांना कपडे वाटतेय, खाली त्यांच्यात झोंबाझोंबी चाललीय. समोरच्या भिंतीवर तिचं मरण: ती कलंडलेली, आणि खाली बसलेल्या बायका फडक्यांनी, स्पंजाने जमिनीवरचं रक्त टिपतायत. एखाद्या घरात काही सांडल्यावर बायका जशा मुकाट कामाला लागतात, तशा. मारणारा कुठेच नाही. वेदीवरचं चित्र राफाएलच्या सिसिलियाची नक्कल आहे, केलीय ग्वीदो रेनीने. अस्सल बोलोन्याला आहे. तेही यादीत होतं.

२१ जानेवारी, व्हिया नोमेंताना

सकाळी मेट्रोने निघालो. बी-१ मार्गावरच्या स्टेशनाचं नावच सांत आन्येसे. पाऊस भुरभुरत होता आणि मावशीने मोज्यांवर मोजे चढवले होते.

ही मूळ जागा. आग्नेसला शहराबाहेर व्हिया नोमेंतानाच्या कडेला पुरलं, भोवती भुयारी दफनभूमी वाढत गेली, आणि सातव्या शतकात पोप होनोरियस पहिले (६२५–६३८) यांनी थडग्यावर आजचं चर्च बांधलं. थडग्याची पातळी गाठायची म्हणून चर्च निम्मं जमिनीत आहे. रस्त्यावरून आत शिरलं की एक रुंद जिना खाली खाली जातो. त्या जिन्याच्या भिंतीत जुन्या शिलालेखांचे तुकडे बसवलेत. लोक भराभर उतरून जात होते, आम्ही मात्र तिथेच अडकलो.

कारण दमाससांचा शिलालेख तिथेच आहे, अख्खा. मधे कैक शतकं तो चर्चच्या फरशीत उलटा पडला होता, १७२८ मध्ये सापडला. अक्षरं अशी देखणी की मावशीतली शिक्षिका हरखली. मजकूर लॅटिन, अर्थ आम्ही घरूनच वाचून आलो होतो. आईबापांनी सांगितलेली हकीकत म्हणून सुरुवात होते: रणशिंग वाजलं आणि या पोरीने दाईची मांडी सोडली. अत्याचाऱ्याच्या धमक्या पायदळी तुडवल्या. आगीने जाळायला निघाले तर एवढ्याशा बळावर एवढी मोठी भीती जिंकली, आणि मोकळ्या केसांनी उघडं अंग झाकलं. दाईची मांडी! फेर्रातांच्या शिल्पात ती मांडी कुठेच नव्हती.

आणि जवळच एक संगमरवरी फळी आहे, चौथ्या शतकाच्या मध्याची, थडग्यावरच्या जुन्या वेदीची बाजू. तिच्यावर एक छोटी मुलगी कोरलीय. साधा घोळदार झगा, दोन्ही हात बाजूंना उचललेले, त्या काळी प्रार्थनेला तसेच उभे राहत. चेहरा गोल, डोकं अंगाच्या मानाने मोठं. आग नाही, तलवार नाही, तिची खूण असलेलं कोकरू नाही, डोक्यामागे प्रभामंडळसुद्धा नाही. कारागीर काही थोर नव्हता. पण त्याच्या काळात अशी माणसं हयात असतील, ज्यांच्या आजीने ही गोष्ट सांगताना "ती पोर" असंच म्हटलं असेल. मावशी त्या फळीपुढे वाकून म्हणाली, "ही बघ, ही सातवी ब."

खाली सणाची मिस्सा, म्हणजे चर्चमधली सामूहिक उपासना, सुरू होती. दोन कोकरं टोपल्यांत आणून ठेवली होती, पाय बांधलेली, एकावर पांढरी फुलं आणि दुसऱ्यावर लाल. पांढरी तिच्या कौमार्याची, लाल तिच्या रक्ताची. एक निमूट होतं, दुसरं अधूनमधून बें करत होतं आणि प्रत्येक वेळी पुढच्या बाकांवरची पोरं फिदीफिदी हसायची. धर्मगुरूंनी आशीर्वाद दिला. पुढे यांची लोकर कातरून तिच्यापासून 'पालियम' विणतात, आर्चबिशपांच्या खांद्यावरची पांढरी पट्टी, काळ्या क्रुसांची. गोव्याच्या, मुंबईच्या, नागपूरच्या आर्चबिशपांनाही ती मिळते. मावशीने वसईला एका समारंभात ती अगदी जवळून बघितली होती. त्या दिवशी तिला ती गळ्याभोवतीची मफलर वाटली होती, आणि तिने तसं शेजारणीला म्हटलंही होतं.

मिस्सा संपल्यावर गर्दी पांगली तेव्हा कुठे वरचं मोझॅक, म्हणजे बारीक रंगीत तुकडे जोडून केलेलं चित्र, निवांत बघता आलं. वेदीमागच्या अर्धघुमटात सगळं सोनं. मधोमध आग्नेस एकटी, दोन्ही कडांना दोन पोप. होनोरियसांच्या हातात चर्चची प्रतिकृती आहे, आमच्याकडे देणगीदाराचं नाव फरशीवर कोरतात, इथे त्यालाच देवाशेजारी उभं केलंय. आग्नेसने बायझंटाइन सम्राज्ञीचा पोशाख घातलाय: जांभळं वस्त्र, त्यावर रत्नजडित पट्टा, कानांत आणि डोक्यावर मोती. हातात गुंडाळी. खालच्या बाजूला झग्यावर एक पक्षी विणलाय, तो फिनिक्स, आगीतून पुन्हा उठणारा. आणि तिच्या पायांशी तलवार पडलीय, तलवारीच्या दोन्ही बाजूंना दोन छोट्या ज्वाळा.

म्हणजे ज्याने हे मोझॅक रचलं तो पेच सोडवायच्या भानगडीतच पडला नाही. आग? ठेव. तलवार? तीही ठेव. दोन्ही पायांशी ठेवली आणि मुलीला त्यांच्यावर उभं केलं. वेदना नाही, घटना नाही, फक्त निकाल. मला हे फेर्रातांहून मोठं काम वाटलं, आणि तरीही मावशीची तक्रार इथेही लागू होतीच: बारा वर्षांच्या पोरीला इतके मोती पेलतील का? वेदीवरची मूर्ती तर आणखी मजेची. निकोला कोर्दिए या शिल्पकाराने १६०५ मध्ये एक प्राचीन रोमन अलाबास्टरचं धड घेतलं आणि त्याला सोनेरी काशाचं डोकं अन् हात जोडले. कुणा रोमन बाईचं धड, त्यावर संताचं डोकं. काटकसर सगळ्या काळांत होती.

बाहेर पडताना अंगणालगतच्या दालनात एक भित्तिचित्र दिसलं: छत-जमीन कोसळतेय, माणसं खाली पडतायत, मधे पांढऱ्या झग्यात पोप. १२ एप्रिल १८५५ ला पोप पायस नववे इथे विद्यार्थ्यांना भेटत असताना खरोखरच जमीन खचली आणि सगळे खालच्या मजल्यावर पडले. कुणी दगावलं नाही. पोपनी हा आग्नेसचा चमत्कार मानला आणि चर्चची डागडुजी करवली.

मावशी ते नाव ऐकून थबकली. पायस नववे म्हणजे तेच, ज्यांनी ८ जून १८६२ ला नागासाकीच्या २६ रक्तसाक्षींना, म्हणजे धर्मासाठी मारल्या गेलेल्यांना, संतपद दिलं. त्यांत आमच्या वसईचा गोन्सालो गार्सिया. वडील पोर्तुगीज, आई इथली, फ्रान्सिस्कन बंधू झालेला, ५ फेब्रुवारी १५९७ ला जपानमध्ये क्रुसावर गेलेला. भारतात जन्मलेला पहिला संत तो. "आणि त्या सव्वीसांत एक पोरगा होता," मावशी म्हणाली, "लुई इबाराकी. वय सांगू? बारा."

शेजारी सांता कोस्तान्झा हा चौथ्या शतकातला गोल मकबरा. छतावर द्राक्षांची तोडणी आणि ती पायांनी तुडवणारी माणसं. विषयाशी त्याचा संबंध नाही म्हणून लिहीत नाही, पण गेलात तर चुकवू नका.

संध्याकाळी खोलीवर मुगाची खिचडी. मावशीने मेतकुटाची पुडी रोमपर्यंत आणली होती आणि ती बॅगेत फुटलीही नव्हती.

२२ जानेवारी, त्रास्तेवेरे

नदीतल्या बेटावरून पूल ओलांडून चालत गेलो. कालच्या कोकरांची लोकर ज्यांच्याकडे विणायला जाते त्या बेनेडिक्टाइन पंथाच्या जोगिणी (नन) इथल्याच, सांता चेचिलिया इन त्रास्तेवेरे या मठातल्या. त्यामुळे आग्नेसनंतर सिसिलियाकडे येणं हा काही आमचा लहरीपणा नव्हता.

सिसिलिया वयाने थोडी मोठी, नवी नवरी. तिला आधी घरच्याच हमामखान्यात वाफेने गुदमरवून मारायचा प्रयत्न झाला, मग मानेवर तीन घाव घातले. मान तुटली नाही, ती तीन दिवस जगली. पोप पास्काल पहिले यांनी ८२१ मध्ये तिचे अवशेष भुयारांतून इथे आणले. १५९९ मध्ये कार्डिनल स्फोंद्रातींनी थडगं उघडलं, आणि पुढच्याच वर्षी स्तेफानो मादेर्नोने तिचं शिल्प केलं. मादेर्नो तेव्हा पंचविशीच्या आतबाहेरचा.

मी हे शिल्प पुस्तकांत शंभरदा बघितलं असेल. तरी जवळ गेल्यावर कळलं की ते किती लहान आहे, आणि किती खाली आहे. वेदीखाली काळ्या दगडाच्या कोनाड्यात ती उजव्या कुशीवर पडलीय. गुडघे किंचित दुमडलेले, हात पुढे सैल पडलेले. एका हाताची तीन बोटं उघडी, दुसऱ्याचं एक, त्याचा अर्थ भाविक त्रैक्य आणि एक देव असा लावतात. डोक्याला फडकं गुंडाळलंय. आणि चेहरा? चेहरा आपल्याकडे नाही. मान वळून तोंड जमिनीकडे गेलंय. आपल्याला दिसते ती मानेची मागची बाजू आणि तिच्यावरची एक बारीक रेघ. बस. रेघेच्या कडेला दगडात थेंब. संगमरवर पांढराच, त्यामुळे रक्ताचा रंग नाही, फक्त चीर.

मी खाली बसून तिचं रेखाटन करायला घेतलं आणि मग लक्षात आलं की यात धरायला काहीच नाही. भाव नाही, हावभाव नाही, वर बघणारे डोळे नाहीत. सगळ्या बरोक, म्हणजे सतराव्या शतकातल्या नाट्यमय शैलीच्या, शिल्पांत जे ठासून भरलेलं असतं ते इथे वजा केलंय. कापडाच्या चुण्या तेवढ्या खऱ्या, झोपेत कुशी बदलल्यावर पडतात तशा.

समोरच्या फरशीवरच्या लेखाचा दावा असा की थडग्यात देह जसा सापडला तसाच हुबेहूब दगडात उतरवलाय. कलाइतिहासकार यावर शंका घेतात. त्या वेळी हजर असलेल्यांच्या वर्णनात देह रेशमी वस्त्राखाली झाकलेला होता आणि ते उचलू दिलं नव्हतं. मग मादेर्नोने बघितलं काय? माझ्या मते, न बघताच केलं असेल तर तो आणखी मोठा. झाकलेल्या देहाला त्याने पाठमोरं केलं, म्हणजे झाकलेलंच ठेवलं.

बाजूच्या चिंचोळ्या वाटेने जुन्या हमामखान्याकडे जाता येतं. तिथे ग्वीदो रेनीचं चित्र आहे, सिसिलियाच्या शिरच्छेदाचं, मादेर्नोनंतर वर्षभरातलं. त्यात तलवार उगारलेला माणूस आहे, गुडघे टेकलेली सिसिलिया आहे. चांगलंच आहे. पण शिल्प बघून आलेल्या माणसाला ते तपशीलवार समजावून सांगितल्यासारखं वाटतं.

जोगिणींच्या वरच्या सज्जात काव्हालीनीचं 'अंतिम न्याय' हे भित्तिचित्र आहे, १२९३ च्या सुमाराचं. तिकीट काढून वर गेलो. देवदूतांचे पंख मोरपिसासारखे रंगत जातात. मावशीला सगळ्या रोममध्ये ते सर्वांत आवडलं, आणि तिथे कुणाला मारत नाहीत हे कारण तिने प्रामाणिकपणे सांगून टाकलं.

२३ जानेवारी, चेलिओ टेकडी

आजचा दिवस मी एकटीने काढायचा बेत होता, पण मावशी आलीच.

सांतो स्तेफानो रोतोंदो हे पाचव्या शतकातलं गोल चर्च. शांत, रिकामं, उजेडाने भरलेलं. आणि भोवतीच्या भिंतीवर, गोलाकार, एकाशेजारी एक तीसहून जास्त चित्रं. सगळी माणसं मारण्याची. उकळतं तेल, सळ्या, दगड, आरे, जनावरं. स्तन कापले जाणारी अगाथा. १५८० मध्ये पोप ग्रेगरी तेरावे यांनी हे चर्च जेझुइट या धर्मसंघाच्या जर्मन-हंगेरियन महाविद्यालयाला दिलं आणि लगेच निकोलो चिर्चिन्यानी, ज्याला पोमारांचो म्हणतात, त्याने ही चित्रं काढली. प्रत्येक चित्रात माणसांवर ए, बी, सी अशी अक्षरं आहेत आणि खाली त्या त्या अक्षराचा खुलासा लॅटिन आणि इटालियनमध्ये. शास्त्राच्या पुस्तकातली आकृती असावी तसं. हा कोण, याला कशाने मारलं.

मी इथे कुरकुर करणार हे उघड आहे. चित्रं सुमार आहेत. मरणाऱ्यांचे चेहरे एकसारखे शांत, मारणाऱ्यांचे एकसारखे हिडीस, आणि पाचव्या चित्रानंतर डोळा मेल्यासारखा होतो. मादेर्नोच्या एका रेघेने जे काल झालं ते इथे बादलीभर रक्ताने होत नाही.

पण ती कुणासाठी काढली, हे विसरून चालणार नाही. इथली मुलं शिकून प्रोटेस्टंट मुलखात धर्मकार्याला जायची होती. काय वाढून ठेवलंय ते रोज बघून घ्या, असा तो धडा. आणि तो पोकळ नव्हता. ही चित्रं नुकतीच झाली होती, आणि १५८३ च्या जुलैत गोव्यात कुंकळ्ळीला रोदोल्फो आक्वाव्हिव्हा आणि त्याचे चार जेझुइट सोबती मारले गेले. रोदोल्फो अकबराच्या दरबारात राहून आलेला, आणि जेझुइटांचे त्या वेळचे प्रमुख क्लाउदिओ आक्वाव्हिव्हा त्याचे काका. रोममध्ये त्या पाच जणांची गोष्ट याच भिंतींसारखी सांगितली गेली. त्या गोष्टीची कुंकळ्ळीकडची बाजू मात्र अशा भिंतींवर येत नाही: पोर्तुगीजांनी गावची देवळं पाडली होती, आणि पुढे गावकऱ्यांच्या म्होरक्यांना बोलणीसाठी असोळण्याच्या किल्ल्यात बोलावून मारलं. आज कुंकळ्ळीत त्यांचंही स्मारक आहे. मी दोन्ही जागा बघितल्यात. इथे उभी राहून मला त्या दुसऱ्या स्मारकाची जास्त आठवण आली.

मावशी तोवर मधल्या खांबांपाशी खुर्ची गाठून पाठ फिरवून बसली होती. दहा मिनिटांत निघालो. दुपारी ज्यू वस्तीत तळलेली अख्खी आर्टिचोक खाल्ली, हिवाळ्यातच मिळतात. कडा पापडासारख्या कुरकुरीत, आतला गाभा मऊ. कलोसियम वाटेत लागलं, बाहेरूनच.

२४ जानेवारी, बोलोन्या

तेर्मिनीहून वेगवान गाडीने दोन तासांहून थोडं जास्त. बोलोन्यात पाऊस होता आणि तो आम्हाला लागला नाही, कारण शहरभर रस्त्यांच्या कडेने कमानींचे ओटे आहेत. स्टेशनाबाहेर काही अंतर गेल्यावर छत्री मिटली ती पिनाकोतेका संग्रहालयापर्यंत.

दोमेनिकिनोचं 'आग्नेसचा वध' इथे आहे, १६२० च्या दशकाच्या सुरुवातीची. प्रचंड मोठं चित्र. खाली लाकडांचा ढीग, त्यावर आग्नेस, आणि मारेकऱ्याचं पातं तिच्या गळ्यात शिरतंय. ज्वाळा विझत आल्यात, आणि पुढ्यात आगीने उलटून मारलेल्या माणसांची प्रेतं. घाबरून एकमेकींना बिलगलेल्या बायका. वर आकाशात ख्रिस्त तिच्यासाठी मुकुट देतोय आणि देवदूत चक्क वाद्यवृंद घेऊन बसलेत. सगळं आहे: आग आहे, शस्त्र आहे, चमत्कार आहे, बक्षीस आहे. मोझॅकवाल्याने दोन्ही खुणा पायांशी ठेवून जो पेच टाळला, तो दोमेनिकिनोने दोन्ही घटना एकामागून एक त्याच चौकटीत घडवून सोडवला. हुशारी आहे. रंग तर असे की गुलाबी-निळ्यावरून नजर हलत नाही. सिसिलियाच्या मरणापाशी रक्त टिपणाऱ्या बायका रंगवणारा हाच माणूस, पण तिथला तो मितभाषीपणा इथे संपलाय. बहुधा चित्र मोठं मागितलं की आवाज मोठा होतोच.

आणि इथेही ती पंचविशीची.

मी तक्रार करणार तोच एक गोष्ट आठवली. हे चित्र बोलोन्यातल्याच सांत आन्येसे या जोगिणींच्या मठासाठी काढलेलं. त्या काळी हुंडा परवडत नाही म्हणून चांगल्या घरांतल्या मुली लहान वयातच मठात पाठवल्या जात. म्हणजे हे चित्र रोज बघणाऱ्यांत बारा-तेरा वर्षांच्या मुली असणारच. चौकटीतली आग्नेस मोठी, चौकटीबाहेरची लहान. मावशीला हे सांगितलं तर ती म्हणाली, "त्यांना थोराड नायिकाच हवी असेल. शाळेतल्या मुलींना नाटकात राजकन्याच व्हायचं असतं, कुणाला पोर व्हायचं नसतं." चाळीस वर्षं शाळेची गॅदरिंग बसवलेल्या बाईशी मी वाद घातला नाही.

नेपोलियनच्या फौजांनी हे चित्र १७९६ मध्ये पॅरिसला नेलं, त्याच्या पाडावानंतर ते परत आलं. राफाएलची सिसिलियाही तशीच जाऊन आली. ती इथेच आहे, रोममध्ये तिची नक्कल बघितली ती. तिच्यात वध नाहीच. पायांशी मोडकी वाद्यं पडलीत, हातातल्या छोट्या ऑर्गनच्या नळ्या निसटतायत आणि ती वरून येणारं गाणं ऐकतेय. नक्कल पाहून जे कळलं नव्हतं ते त्या नळ्या बघून कळलं: त्या पडतायत आणि तिला पत्ता नाही.

ग्वीदो रेनीचं 'निष्पाप बालकांची कत्तल', १६११ सालचं, पलीकडेच. चित्राच्या मधोमध रिकामी जागा आणि त्या रिकामपणात एक सुरा. लहान मुलं खरोखर लहान असलेलं, या सगळ्या फेरीतलं हे एकच मोठं चित्र. मावशीने त्याच्याकडे एकदा बघितलं आणि जेवायला चल म्हणाली. रिकोटा भरलेले तोर्तेल्लोनी, वर लोणी आणि सेजची पानं. इथलं सगळं प्रसिद्ध खाणं मांसाचं, पण हे शाकाहारी निघालं आणि तिने दुसरी ताटलीही मागवली.

परतीच्या गाडीत मी फोनवर नागासाकीच्या निशिझाका टेकडीवरचं स्मारक काढून दिलं. शिल्पकार यासुताके फुनाकोशी, साल १९६२, म्हणजे पायस नवव्यांनी संतपद दिलं त्याला शंभर वर्षं झाली तेव्हाचं. लांब दगडी भिंतीवर काशाच्या २६ मूर्ती एका रांगेत, क्रूस नाही, भाला नाही, पाय जमिनीपासून अधांतरी. आणि रांगेत तीन मूर्ती बाकीच्यांच्या खांद्यालाही न पोचणाऱ्या: पोरं आहेत, ती पोरंच केलीत. मावशीने फोटो मोठा करकरून ती तिन्ही हुडकली. मग वसईचा गोन्सालो यातला कोणता, यावर आमची जुंपली. ती म्हणे दाढीवाला, मी म्हणे त्याच्या शेजारचा, आणि फ्लोरेन्स येऊन गेलं तरी एकमत झालं नव्हतं.